बिडी संपेपर्यंत

"ठेव हात," मामा म्हणायचे, आणि बिडी पेटवायचे.

आमच्या बर्फाच्या कारखान्यात नव्या माणसाची भरती अशी व्हायची. मिठाच्या गार पाण्याच्या टाकीत लोखंडी डबे बुडवून आम्ही लाद्या जमवायचो. टाकीतून नुकतीच काढलेली लादी फळीवर आडवी टाकलेली असे, तिच्यातून धूर निघाल्यासारखी वाफ निघत असे. नव्या माणसानं उघडा तळहात त्या लादीवर ठेवायचा आणि मामांची बिडी संपेपर्यंत उचलायचा नाही. उचलला तर नगरच्या स्टँडचा रस्ता मोकळा. मामा बिडी सावकाश ओढत. मधेच विझू देत, काडीपेटी शोधत, पुन्हा पेटवत. समोरच्याच्या डोळ्यांत पाणी आलं की समाधानानं म्हणत, "आता लागतंय. जरा दम धर, मग काईच लागत न्हाई."

आम्ही हसायचो. खोटं कशाला बोलू, सगळ्यांत मोठ्यानं मीच हसायचो. मी तिथला कारकून. कुठल्या गाडीतून कुठल्या गावाला किती लाद्या गेल्या त्याच्या चिठ्ठ्या फाडायच्या, एवढंच माझं काम. माझा हात कुणी लादीवर ठेवून घेतला नव्हता.

मामा आमचे मुकादम. सगळा कारखाना त्यांना मामाच म्हणे, मालक शेठसुद्धा. मूळचे अकोल्याकडचे, भंडारदऱ्याच्या वरच्या अंगाच्या एका वाडीतले. वैशाखातही डोक्याला मफलर, कमरेला खाकी हाफ पॅन्ट आणि पायात टायरच्या चपला. उजव्या हाताला अंगठा नव्हता आणि त्याच्या शेजारचं बोटही नव्हतं. विशीत असताना मुंबईच्या कुठल्याशा बर्फखान्यात गेली ती. बिडी ते उरलेल्या बोटांच्या बेचक्यात धरायचे आणि त्याच हातानं लोखंडी आकडा असा चालवायचे की पाची बोटंवाल्यानं बघत राहावं. लादी बाहेर आली की आकड्याच्या मुठीनं तिच्यावर टकटक करायचे, कान लावायचे. आवाज मनासारखा, भरीव आला की म्हणायचे, "बोलली." नाही आला तर लादी रसवंतीवाल्याच्या गाडीवर.

तर अशा माणसाला रशियाचं वेड लागलं, आणि ते लावलं मी.

सत्तर-एकाहत्तरचे दिवस. तेव्हा रशियाची मासिकं मराठीतून निघायची. गुळगुळीत कागद, रंगीत चित्रं, आणि वर्षाची वर्गणी भरली की कॅलेंडर फुकट. मी त्या कॅलेंडरापायी वर्गणी भरली होती. क्रांतीशी माझं काही देणंघेणं नव्हतं. जिल्ह्यातल्या निम्म्या पोरांच्या पुस्तकांना त्याच कागदाची कव्हरं असायची, इतका तो कागद टिकाऊ. एक दिवस दुपारच्या सुट्टीत मी अंक चाळत बसलो होतो आणि मामा माझ्या खांद्यावरून वाकून बघत होते. मामांना वाचता येत नव्हतं.

"हे गडी कशावर उभे हायेत?"

"बर्फावर, मामा."

"खोटं बोलू नगा."

"बर्फावरची हॉकी आहे ही. पायात लोखंडी पात्याचे बूट घालतात आणि बर्फावर घसरत पळतात. चेंडूच्या जागी रबराची चकती असते."

मामा खाली उकिडवे बसले. "वाचा," म्हणाले.

मी वाचलं. रशियाचा पुरुषांचा संघ. जगातले मोठमोठे संघ दर वर्षी एका ठिकाणी जमतात, आणि लागोपाठ नऊ वर्षं यांनीच जग जिंकलं होतं. मामांनी मला ते तीनदा वाचायला लावलं. मग त्या चित्राकडे बराच वेळ बघून म्हणाले, "नऊ वर्सं. बर्फावर. आन आपली ही पोरं दोन लाद्या उचलल्या की फू फू करत्यात."

दुसऱ्याच आठवड्यात तो फोटो चौकटीत जाऊन टाकीच्या वरच्या भिंतीवर लागला. चौकट छोटी. त्यात नुसते चेहरे आणि छात्या दिसायच्या, खालचं काही नाही. मामांनी त्याला उदबत्ती लावली नाही एवढंच.

तेव्हापासून कारखान्यात दोनच देश उरले, रशिया आणि आम्ही. कुणी हात काखेत घालून ऊब घ्यायला लागला की मामा फोटोकडे बोट करत. "त्यो बघ. त्यो काखंत हात घालतो का?" कुणी म्हणालं की मामा, मिठाचं पाणी भेगांत जातंय, आग होते, की लगेच, "त्येंच्याकडं आपल्यापेक्षा दसपट गारठा. कधी तक्रार वाचली का भाऊसाहेब तुमी?" मी मान हलवायचो. खेळाडूंची खरी नावं काही त्यांच्या जिभेवर बसेनात, म्हणून त्यांनी आपल्या मनानं बारसं केलं. एक थोरला, एक धाकला, एक टकल्या, आणि गोल राखणारा तो 'राखणदार'. राखणदारावर त्यांचा फार जीव. "दिसभर एका जागी उभा ऱ्हातो. बर्फावर. हलत न्हाई."

लादी उचलायला हातमोजे हवेत, ही गड्यांची जुनी मागणी. शेठनी मामांना विचारलं होतं आणि मामांनी सरळ नाही सांगितलं होतं. मोज्यानं पकड बसत नाही, लादी निसटते, पायावर पडते, असं त्यांचं म्हणणं. त्यात तथ्य नव्हतं असं नाही. पण फोटो आल्यापासून त्यांना दुसरं काही सांगायची गरजच उरली नाही. नुसतं वर बघायचे.

बहात्तर साल उजाडलं ते मामांच्या मनासारखं. जपानात हिवाळी ऑलिंपिक झालं, तिथंही रशियाच जिंकली. शेठचा रेडिओ ऑफिसात होता. त्यावर मॉस्कोच्या हिंदी बातम्या लागत आणि मी त्या मामांना ऐकवत असे. मामांनी सगळ्यांना गूळ-शेंगदाणे वाटले. पण दोनच महिन्यांत घात झाला. चेकोस्लोव्हाकियानं आपल्या घरच्या बर्फावर यांना हरवलं आणि दहाव्या वर्षी जग हातचं गेलं. पुढं पाऊसकाळ कोरडा सरत आला तेव्हा कॅनडाशी आठ सामने झाले. रशिया पुढं होती. शेवटचे तिन्ही सामने घरच्या बर्फावर हरली, आणि त्यातला अखेरचा तर मिनिटभराचा खेळ उरला असताना.

हे ऐकवताना मला मजा वाटत होती, हे कबूल करतो. मामा बाहेर जाऊन टाकीच्या कडेला उभे राहिले. सकाळी येऊन बघतात तर त्यांच्या स्टुलावर बर्फाचा मोठा गोळा, त्यावर हळदकुंकू वाहिलेलं, पुढं उदबत्ती. गणपत नावाचा जुना गडी होता, त्याचं काम.

"मामा, दहावा कधी घालायचा?" गणपत म्हणाला.

सगळा कारखाना हसला. मामाही हसले. मग त्यांनी एक लादी फळीवर घ्यायला लावली आणि गणपतला म्हणाले, "ठेव हात." लागोपाठ तीन बिड्या ओढल्या त्यांनी. तिसऱ्या बिडीला गणपत हसत नव्हता, आणि आम्हीही नव्हतो.

त्या साली पाऊस पडलाच नाही. तुमच्यापैकी ज्यांना तो दुष्काळ आठवतो त्यांना वेगळं सांगायला नको. ज्यांना आठवत नाही त्यांनी घरातल्या म्हाताऱ्यांना विचारावं. गावंच्या गावं खडी फोडायला बसली. जनावरं छावणीत, माणसं रस्त्यावर. आणि बर्फाला मात्र तुफान मागणी. उन्हं अशी की दिवाळीनंतरही टेम्पो थांबेनात. त्या दिवसांत तो आमच्याकडे आला.

काष्टीचा टेलर. चाळिशीचा, बारीक चणीचा, कानावर खडूचा तुकडा ठेवायची सवय अजून गेली नव्हती. काष्टीच्या बाजारात त्याचं मशीन होतं, बंड्या-पायजम्यासाठी पंचक्रोशीत नाव होतं. पण दुष्काळात कपडे कोण शिवतो? बायको खडीवर गेली. हा तिकडं न जाता नगरला आला. का, ते त्यानं मला पहिल्याच दिवशी सांगितलं.

"भाऊसाहेब, खडी फोडली तर बोटं ठेचत्यात. ठेचल्यालं बोट सुईला उपेगी न्हाई. बर्फानं काय, नुसतं बधिर व्हतं. बधिर झाल्यालं परत येतं."

असा त्याचा हिशेब. बोटं वाचवायला तो बर्फावर आला होता. त्याला तिथंच सांगायला हवं होतं की बाबा, मामांचा उजवा हात बघ आणि मग बोल. मी नाही सांगितलं. गडी कमी होते, शेठ घाईला आले होते, आणि मला काय त्याचं!

"ठेव हात," मामा म्हणाले.

त्यानं हात ठेवला. डोळ्यांत टिपूस नाही. निम्मी बिडी झाल्यावर मामांच्या लक्षात आलं की याचा नुसता तळवा टेकलाय. पाचही बोटं हा वर उचलून धरतोय.

"बोटं टेकव."

"मामा, बोटं माझी कामाची हायेत."

"हितं कुनाची बिनकामाची हायेत? टेकव."

त्यानं टेकवली. मामांनी त्या बिडीवर दुसरी बिडी पेटवली.

माणूस कामाला वाईट नव्हता. पण रोज संध्याकाळी तो काय करायचा माहीत आहे? चहाच्या टपरीवर गरम ग्लास दोन्ही हातांत धरून बसायचा आणि मग खिशातून सुई काढून तिच्यात दोरा ओवायचा. ओवला की काढून पुन्हा ठेवून द्यायचा. कधी एका दमात ओवला जायचा, कधी पाच-सहा वेळा चुकायचा. आम्ही त्यावर पैज लावायचो. चुकला की गणपत टाळी द्यायचा. एकदा दहाव्या खेपेलाही दोरा जाईना, तेव्हा त्यानं सुई खिशात टाकली आणि चहा न पिता उठून गेला. त्या दिवशी मी पैज जिंकलो होतो.

संक्रांतीनंतर तो गावी जाऊन आला तो पिशवीतून पोरीचं भूगोलाचं पुस्तक घेऊन. पोरगी पाचवीला होती. पुस्तकाला तेच गुळगुळीत कव्हर, आणि कव्हरावर तेच चित्र. आमच्या भिंतीवरचंच. फरक इतकाच की हे अख्खं होतं.

सगळे गडी टाकीशी जमले. त्यानं पुस्तक वर धरलं.

"मामा, तुमचा थोरला वळखा. आन ह्यो राखणदार. आता ह्येंचे हात बघा."

हातांत मोजे होते. साधे नव्हेत, कोपरापर्यंत येणारे, गादीसारखे जाड. चित्रातल्या एकूण एक जणाच्या हातांत. राखणदाराचा एक मोजा तर पाटाएवढा होता.

मी मामांच्या तोंडाकडे बघत होतो. त्यांच्या तोंडावर काहीच हललं नाही.

टेलरनं स्टुलावर चढून भिंतीवरची चौकट उतरवली. मागचा पुठ्ठा एका कोपऱ्यात उचकटलेला होता. त्यानं आत डोकावलं, बोट फिरवलं, आणि शिंप्याच्या डोळ्यांना जे दिसायचं ते दिसलं. "ह्ये कापल्यालं न्हाई," तो म्हणाला. "दुमडल्यालं हाय. हात मागं दुमडून ठिवल्यात."

सगळे मामांकडे बघत होते. मी खाली फरशीकडे बघत होतो.

"झालं का बघून?" मामा म्हणाले. "लाव वर. टेम्पो उभा हाय."

त्यानं चौकट वर लावली. पण तो गप्प बसणारा नव्हता. पुढच्या खेपेला गावाहून येताना त्यानं मोजे शिवून आणले. गोणपाट, त्यावर जुन्या ताडपत्रीचं कापड, आत गोधडीच्या चिंध्या, आणि तळव्याला पकड बसावी म्हणून सायकलच्या ट्यूबचे तुकडे बारीक टाक्यांनी जोडलेले. त्या चित्रावरून माप काढून बनवलेले रशियन मोजे, मुक्काम काष्टी. मी आजवर इतकं सुंदर शिवणकाम पाहिलेलं नाही. ते घालून त्यानं सकाळपासून चाळीस लाद्या उचलल्या आणि एकही निसटली नाही. गणपत म्हणाला, "मला बी एक जोडी शिव." तो म्हणाला, "सगळ्यांना शिवतो. निस्तं कापड आना."

जेवायच्या सुट्टीत त्यानं मोजे टाकीच्या कठड्यावर वाळत ठेवले होते. परत आला तेव्हा ते नव्हते. मामांना विचारलं तर ते बिडी ओढत म्हणाले, "घावतील. दोन दिसांनी."

दोन दिवसांनी डबे उपसायला घेतले. एका डब्यातली लादी सरसर बाहेर आली आणि गडी जागच्या जागी थांबले. काचेसारखी स्वच्छ लादी. तिच्या मधोमध ते दोन मोजे, बोटं पसरलेली, कुणीतरी आतून हात टेकून उभं असल्यासारखे. टाका न् टाका दिसत होता.

मामांनी आकड्याची मूठ वाजवली. कान लावला. "बोलली," म्हणाले.

गणपत फिस्सकन हसला. मग दुसरा. मग सगळेच. मोजे मागणारेही हसले! माणसाच्या हसण्याचं काही खरं नाही बघा. टेलर तेवढा लादीसमोर उभा होता. त्यानं हात पुढं केला, बर्फावर ठेवला, मोज्यांच्या बरोबर वर.

"आज काष्टीचा बाजार हाय न्हवं?" मामा मला म्हणाले. "ही लादी तिकडं जाऊ द्या. ह्येच्या गावालाबी दिसू द्या ह्येची कारागिरी."

"मामा, तेवढं नगा करू," टेलर म्हणाला. आल्यापासून त्यानं मामांना विनवलं ते एवढंच. "तितं माझं गिऱ्हाईक हाय."

मामांनी माझ्याकडे बघितलं. मी चिठ्ठी फाडली. एक लादी, काष्टी. सही केली. टेम्पो गेला.

काष्टीच्या बाजारात रसवंतीपुढं ती लादी दिवसभर होती म्हणतात. लोक लांबून बघायला आले. 'टेलरचे हात गोठले' म्हणून पोरं ओरडत होती. हे सगळं टेम्पोवाल्यानं येऊन रंगवून सांगितलं आणि त्यावरही आम्ही हसून घेतलं.

टेलरनं पुन्हा मोजे शिवले नाहीत. उघड्या हातानं काम करत राहिला. संध्याकाळची सुई बंद झाली. फाल्गुनात त्याच्या बोटांना भेगा पडल्या, त्यांत मिठाचं पाणी मुरलं. तो म्हणायचा, आता लागत नाही. मामांचंच वाक्य. चैत्रात एक दिवस चिठ्ठी घ्यायला माझ्या टेबलापाशी आला आणि त्याला चिठ्ठी धरता येईना. बोटांची टोकं काळी पडली होती, दिव्याच्या वातीसारखी.

मामांनी ते पाहिलं. आणि मग मामांनी जे केलं त्याचा अर्थ मला आजही नीट लावता येत नाही. त्यांनी डोक्याचा मफलर सोडला, त्याचा हात त्यात गुंडाळला, त्याला हातगाडीवर बसवलं आणि ती गाडी भर उन्हात स्वतः ओढत सरकारी दवाखान्यात नेली. बारा दिवस ते दोन्ही वेळ तिथं जात होते. डब्यातून पिठलं-भाकरी नेत आणि आपल्या डाव्या हातानं त्याला भरवत. डॉक्टरांनी उजव्या हाताची तीन बोटं काढली. मामा त्याला आपला हात दाखवून म्हणत, "ह्ये बघ. दोन न्हाईत माझी. काय बिघडलं? मानूस जगतो."

"तुमी मुकादम हाय, मामा," तो म्हणायचा. "मी टेलर हाय."

त्याच आठवड्यात रेडिओवर बातमी आली. जग पुन्हा रशियाचं झालं होतं, तेही आपल्या घरी, मॉस्कोत, एकूण एक सामना जिंकून. मी मामांना सांगितलं. त्यांनी डोळे मिटले, मफलर नव्हता म्हणून नुसत्याच डोक्यावरून हात फिरवला, आणि पेढे आणायला गेले. पेढ्याचा पहिला पुडा दवाखान्यात. मी सोबत होतो. मामांनी कॉटशेजारी उभं राहून सांगितलं, "जिकलो आपन."

टेलरनं पेढा डाव्या हातानं घेतला. खाल्ला नाही. मुठीत धरून बसला. मामा तिथं तसेच उभे होते, त्यानं खावा म्हणून. शेवटी म्हणाले, "खा की रं." आवाज असा की मी दाराबाहेर गेलो.

पुढचं लवकर सांगतो, कारण ते सांगण्यासारखं नाही. गड्यांनी अर्धा दिवस काम बंद ठेवलं आणि शेठनी निमूट चामडी मोजे आणले. इतकं सोपं होतं ते. मामांचा दरारा एका दिवसात गेला. येता-जाता कुणीही त्यांच्यापुढं मोज्याचा हात नाचवून म्हणायचं, "मामा, ठेवा हात." ते स्टुलावर बसून राहत. आकडा धरत नसत. लादी बाहेर आली की मूठ वाजवायला उठायचे आणि मधेच बसायचे. मी मासिक वाचून दाखवू का विचारलं तर म्हणाले, "ऱ्हाऊ द्या."

पुढच्या उन्हाळ्यात ते गेले. टाकीच्या कडेला बसल्या जागी. अकोल्याच्या त्या वाडीला निरोप जाऊन एसटीनं, जीपनं माणसं यायची म्हणजे दुसरा दिवस उजाडणार, म्हणून त्यांना बर्फावर ठेवावं लागलं. कारखाना घरचा, लाद्या घरच्या. गड्यांनी मोजे घालून लाद्या रचल्या आणि वर मामांना निजवलं. त्यांचा उजवा हात छातीवरून सारखा घसरत होता. गणपतनं तो उचलला, तीन बोटांचा, आणि लादीवर नीट टेकवला. "ठेवा हात, मामा," हळूच म्हणाला. या वेळी कुणी हसलं नाही.

ती चौकट मी मागून घेतली. घरी येऊन मागचा पुठ्ठा काढला आणि घडी उलगडायला गेलो तर कागद घडीवर तुटला. चेहरे एका हातात आले आणि मोज्यांची पट्टी माझ्या मांडीवर पडली.

ती पट्टी घेऊन मी काष्टीला गेलो. बाजाराचा दिवस होता. टेलर आपल्या जागेवर होता, मशीन पुढ्यात. पोरगी आता सुई ओवून देते, बटणं लावते, काजं करते, म्हणाला, सकाळी शाळेत जाते तेवढा वेळ खोळंबा. त्याच्या डोक्यावर खिळ्याला ते दोन मोजे टांगलेले होते. लादी वितळल्यावर रसवंतीवाल्यानं आणून दिले होते.

मी मामा गेल्याचं सांगितलं. त्यानं मान हलवली. मग मी ती पट्टी त्याच्यापुढं ठेवली, आणि जे सांगायला गेलो होतो ते सांगितलं. की फोटो चौकटीत घालायच्या दिवशी मामांनी मला विचारलं होतं, ह्यांच्या हातांत काय आहे. मी म्हटलं, मोजे. मामा म्हणाले, "मोजं घालायचं असतंय व्हय? मंग माझी बोटं फुकटच गेली म्हनायची." आणि म्हणाले, "दुमडा ते." मी दुमडलं. एवढ्यानं एका माणसाचं समाधान होत असेल तर होऊ दे, असं मला वाटलं होतं.

टेलरनं पट्टी उचलून कड न्याहाळली.

"म्हाईत हुतं मला," तो म्हणाला. "त्या दिशीच. उजव्या अंगठ्याच्या नखानं ताणून दाबल्याली घडी हाय ही. मामांना त्यो अंगठा कुठं हुता?"

"मग तू बोलला का नाहीस?"

"तुमी बोलाल म्हनून थांबलो."

मी उठायला लागलो तर त्यानं उरलेल्या दोन बोटांनी मशीनच्या फळीवरची सुई माझ्याकडे सरकवली, दोऱ्याचं टोक पुढं केलं.

"ओवा," म्हणाला.

मी सुई घेतली. भर बाजार, समोर गिऱ्हाईक उभं. दोरा सुईच्या भोकाशी नेला, चुकला. पुन्हा नेला, पुन्हा चुकला. माझी पाचही बोटं शाबूत, आणि दोरा तिसऱ्यांदाही बाहेरच.

टेलर घाईत नव्हता. त्यानं डाव्या हातानं खिशातून बिडी काढली, पेटवली, आणि माझ्या हातांकडे बघत बसला.